शेवटचा ऊस आणि पहिला पर्यटक: सेंट किट्स बेटानं धंदा कसा बदलला



या आठवड्याच्या व्हिडिओत आपण ‘एकाच ग्राहकावर चालणारा धंदा’ हा विषय घेतला. त्यात सेंट किट्स बेटाचं उदाहरण मी दोन मिनिटांत उरकलं. खरं तर ते उदाहरण घाईत सांगण्यासारखं नाही, म्हणून इथे निवांत लिहितो आहे. वही-पेन जवळ ठेवा. शेवटी गृहपाठ आहे आणि तो तुमच्याच हिशोबाच्या वहीवर करायचा आहे.

तुम्ही म्हणाल, सर, कुठलं ते कॅरिबियन समुद्रातलं बेट, त्याचा आमच्या मसाल्याच्या, शिलाईच्या, फॅब्रिकेशनच्या धंद्याशी काय संबंध? थोडा धीर धरा. या बेटानं साडेतीनशे वर्षं चाललेला धंदा एका हंगामात बंद केला. त्यानंतर ते उभं कसं राहिलं, आणि उभं राहताना जुनीच चूक पुन्हा कशी करून बसलं, हे दोन्ही आपल्याला शिकायचं आहे.

छोटं बेट, एकच धंदा

सेंट किट्सचं क्षेत्रफळ साधारण १७० चौरस किलोमीटर. शेजारी नेव्हिस नावाचं आणखी लहान बेट. दोन्ही मिळून १९८३ साली इंग्रजांपासून स्वतंत्र झालेला एक देश आहे. लोकसंख्या पन्नास हजारांच्या आसपास, म्हणजे आपल्याकडच्या एखाद्या तालुक्याच्या गावाइतकी. मध्ये ज्वालामुखीचा उंच डोंगर, डोंगराच्या उतारावर सुपीक जमीन, खाली समुद्र.

इंग्रज इथे १६२३-२४ च्या सुमारास येऊन वसले. त्यांनी आधी काय लावलं माहीत आहे? तंबाखू! पण अमेरिकेतल्या व्हर्जिनियाचा तंबाखू बाजारात मोठ्या प्रमाणावर आला, भाव पडला, आणि १६४० नंतर बेट उसाकडे वळलं. म्हणजे धंदा बदलण्याची वेळ या बेटावर पहिल्यांदा आली ती २००५ मध्ये नव्हे, त्याच्या साडेतीनशे वर्षं आधी.

उसानं बेट श्रीमंत केलं, असं पुस्तकांत वाचायला मिळतं. इथे एक गोष्ट स्पष्ट सांगतो. श्रीमंत झाले ते मळ्यांचे मालक, आणि त्यातले बरेचसे इंग्लंडमध्ये राहत. ऊस लावणारी, तोडणारी, घाण्यात घालणारी आणि कढईसमोर रात्र काढणारी माणसं आफ्रिकेतून पकडून आणलेली गुलाम होती. त्यांना मजुरी नव्हती, घरी जायचा रस्ता नव्हता. त्यामुळे त्या काळातल्या नफ्याला ‘यशस्वी बिझनेस मॉडेल’ म्हणायची चूक करू नका. ज्या हिशोबात मजुरीचा रकाना शून्य आहे, तो हिशोबच खोटा असतो.

१८३४ मध्ये इंग्रजी वसाहतींतली गुलामगिरी कायद्यानं संपली आणि १८३८ मध्ये लोक पूर्ण मोकळे झाले. पण जमीन मळेवाल्यांकडेच राहिली. मोकळ्या झालेल्या माणसाला पोटासाठी पुन्हा त्याच उसात जावं लागलं, आता तुटपुंज्या मजुरीवर. १९३५ मध्ये मजुरीवरून मजूर उठले, गोळीबार झाला आणि माणसं मेली. तिथल्या लोकांच्या मनात ऊस म्हणजे काय, हे समजून घ्यायचं असेल तर एवढं लक्षात ठेवा. पुढे याचा संबंध येणार आहे.

सुरुवातीला प्रत्येक मळ्याचा स्वतःचा घाणा होता, आधी पवनचक्कीवर चालणारा, मग वाफेवर. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हे लहान घाणे परवडेनात. मग राजधानी बासटेर इथे एक मोठा मध्यवर्ती कारखाना उभा राहिला. सगळ्या मळ्यांचा ऊस तिथे आणायला १९१२ ते १९२६ या काळात बेटाभोवती रेल्वे टाकली गेली. रुळांमधलं अंतर अडीच फूट, म्हणजे आपल्या माथेरानच्या गाडीपेक्षा जरासंच जास्त. ही रेल्वे डोक्यात ठेवा. आपल्या गोष्टीची नायिका तीच आहे.

भाव मिळत होता, पण कोणाच्या जोरावर?

आता धंद्याच्या मुद्द्याकडे येऊ.

विसाव्या शतकात जगात साखर भरपूर झाली. युरोपात बीटापासून साखर निघत होती. ब्राझीलसारख्या देशात मैलोन् मैल सपाट जमिनीवर यंत्रानं ऊस निघत होता. सेंट किट्सची जमीन डोंगरउताराची, बेट लहान, यंत्रसामग्री जुनी. तिथल्या एक किलो साखरेचा खर्च मोठ्या देशांशी बरोबरी करूच शकत नव्हता.

मग धंदा चालत कसा होता? याचं उत्तर १९७५ च्या एका करारात आहे. युरोपनं आपल्या जुन्या वसाहतींशी ठरवलं की तुमची अमुक इतकी साखर आम्ही दरवर्षी घेऊ आणि ठरलेल्या भावानं घेऊ. हा भाव जागतिक बाजारापेक्षा बहुतेक वेळा खूप वर असायचा, कधी कधी दुपटी-तिपटीनं. (गंमत म्हणजे भारतही या व्यवस्थेत होता. आपल्याही थोड्या साखरेला युरोपात हा कोटा होता. पण आपलं मुख्य गिऱ्हाईक आपल्याच देशात होतं, म्हणून आपल्याला ते जाणवलंही नाही. सेंट किट्सचं तसं नव्हतं.)

म्हणजे बेटाचा ग्राहक एक, माल एक, आणि भाव बाजारानं नव्हे तर ग्राहकाच्या मेहेरबानीनं ठरलेला. मी वर्कशॉपमध्ये नेहमी सांगतो: तुम्हाला मिळणारा भाव तुमच्या मालाच्या गुणामुळे मिळतो की समोरच्याच्या मर्जीमुळे, हे आधी ओळखा. पहिला भाव टिकवायला मेहनत पुरते. दुसरा टिकवणं तुमच्या हातात नसतं.

त्याच सुमारास, १९७५-७६ मध्ये, बेटाच्या सरकारनं मळ्यांची जमीन आणि कारखाना ताब्यात घेतला. खासगी मालकांचा त्यातला रस संपत आला होता आणि हजारो माणसांचं पोट त्यावर होतं. सरकारचे प्रमुख रॉबर्ट ब्रॅडशॉ स्वतः तरुणपणी साखर कारखान्यात काम केलेले आणि कामगार चळवळीतून वर आलेले. कामगारांचा धंदा कामगारांच्या सरकारकडे आला, हे लोकांना योग्यच वाटलं असणार. पण मालक बदलला म्हणून खर्च कमी होत नाही. तोटा होत राहिला आणि कर्ज काढून कारखाना चालत राहिला.

आणखी एक अडचण होती, ती हिशोबात दिसत नव्हती. बेटावरची तरुण मुलं ऊस तोडायला तयार नव्हती. आजोबा-पणजोबांनी ज्या उसात हाल काढले, त्या उसात कोयता घेऊन कोण उतरेल? त्यामुळे हंगामाला गयानासारख्या देशांतून मजूर आणावे लागत. विचार करा: बेटाचा मुख्य धंदा, आणि बेटावरच्या माणसालाच तो नको! तुमच्या धंद्यात पुढची पिढी यायला तयार नसेल, तर तेही एक लक्षण आहे. त्याला ‘आजकालच्या मुलांना कष्ट नकोत’ म्हणून उडवून लावू नका.

जुलै २००५

ब्राझील, ऑस्ट्रेलिया आणि थायलंड या देशांनी युरोपच्या साखर धोरणाविरुद्ध जागतिक व्यापार संघटनेत तक्रार केली होती. निकाल युरोपच्या विरोधात गेला. युरोप आता साखरेचा भाव कमी करणार, हे स्पष्ट झालं. पुढे कपात ठरली ती ३६ टक्क्यांची.

३६ टक्के म्हणजे काय, ते जरा आपल्या भाषेत मांडू. समजा तुम्ही १०० रुपयांना वस्तू विकता आणि खर्च ८५ रुपये आहे. नफा १५. ग्राहकानं सांगितलं, पुढच्या काही वर्षांत भाव ३६ टक्क्यांनी कमी. विक्री झाली ६४ रुपये. खर्च तोच. आता प्रत्येक नगामागे २१ रुपये खिशातून जाणार. आणि हे १५ रुपये नफा असणाऱ्या धंद्याचं गणित झालं. सेंट किट्सचा साखर धंदा तर कपातीच्या आधीच तोट्यात होता.

सरकारनं २००५ चा हंगाम शेवटचा ठरवला. जुलै महिन्यात उसाची शेवटची गाडी कारखान्यात गेली आणि साडेतीनशे वर्षांचा धंदा थांबला. दीड हजारांच्या आसपास कामगारांचं काम गेलं. तुम्हाला आकडा लहान वाटेल, पण बेटाची लोकसंख्या आठवा. जवळजवळ प्रत्येक गावात त्याची झळ पोहोचली. नुकसानभरपाई मिळाली, पण पंचवीस-तीस वर्षं ऊस तोडलेल्या माणसाला पैशांपेक्षा मोठा प्रश्न असतो: आता सकाळी उठून जायचं कुठे?

साखर गेली, पण साखरेचं कर्ज राहिलं. आधीच वादळांच्या दुरुस्तीचा आणि इतर खर्चाचा भार होता. पुढच्या काही वर्षांत देशाचं एकूण कर्ज वार्षिक उत्पन्नाच्या दीडपटीच्याही वर गेलं आणि २०११-१२ मध्ये देणेकऱ्यांशी बसून नव्यानं हप्ते ठरवावे लागले. धडा लिहून घ्या: तोट्यातला धंदा भावनेपोटी जितकी वर्षं जास्त ओढाल, तितकी वर्षं नवा धंदा जुन्याचे हप्ते भरत राहतो.

मग बेट बुडालं का नाही?

कारण दुसऱ्या धंद्याची पेरणी आधीच झाली होती. हा भाग नीट वाचा. बहुतेक लोक इथेच चुकतात. त्यांना वाटतं की साखर बंद झाली आणि मग बेटानं पर्यटन सुरू केलं. प्रत्यक्षात क्रम उलटा आहे.

• बेटावर ब्रिमस्टोन हिल नावाचा प्रचंड किल्ला आहे. इंग्रजांनी आखलेला, पण गुलामांच्या हातांनी बांधलेला. इंग्रज सैन्य गेल्यावर तो पडीक झाला, लोक तिथले दगड काढून नेत. १९६५ मध्ये स्थानिक लोकांनी संस्था काढून त्याची डागडुजी सुरू केली. १९९९ मध्ये तो युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आला. म्हणजे चौतीस वर्षं!

• रोमनी मॅनर या जुन्या मळ्याच्या वाड्यात १९७० च्या दशकात बाटिक कापडाचा उद्योग सुरू झाला. मेण लावून कापड रंगवणाऱ्या बायका पाहुण्यांसमोर काम करतात, पाहुणे बघतात आणि विकत घेतात. बाजूला मोठी बाग आणि शेकडो वर्षांचं झाड.

• बेटाच्या आग्नेयेला सुंदर किनारे होते, पण तिथे जायला रस्ता नव्हता. १९८० च्या दशकाच्या अखेरीस तो झाला.

• २००३ मध्ये फ्रिगेट बे भागात मोठं आंतरराष्ट्रीय हॉटेल उघडलं.

• आणि त्याच २००३ मध्ये, उसाच्या गाड्या अजून धावत असताना, त्याच रुळांवर पर्यटकांची गाडी सुरू झाली!

तारखा पुन्हा बघा. १९६५, १९७०, १९८०, २००३. साखर बंद झाली २००५ मध्ये. जुना धंदा पैसे देत होता तेव्हाच, भले कमी देत असेल, नव्याची पायाभरणी चालू होती. यातलं सगळं कोणी एका टेबलावर बसून आखलेलं नव्हतं. किल्ला वाचवणाऱ्यांना किल्ल्याचं प्रेम होतं, बाटिकवाल्यांना कापडाचं. पण वेळ आली तेव्हा ते हाताशी होतं.

रेल्वेची गोष्ट

आता आपली नायिका. कारखाना बंद होतो तेव्हा सामान्य माणूस काय करतो? रूळ उखडतो आणि भंगारात किलोवर विकतो. कॅरिबियनमधल्या कितीतरी बेटांवर उसाच्या रेल्वेचं तेच झालं.

सेंट किट्समध्ये काही लोकांनी रुळांकडे वेगळ्या नजरेनं पाहिलं. हे रूळ उसासाठी टाकले होते, त्यामुळे ते जुन्या मळ्यांच्या मधून जातात. एका बाजूला समुद्र, दुसऱ्या बाजूला ढगात बुडालेला डोंगर. वाटेत जुनी धुराडी, पवनचक्क्यांचे दगडी बुरूज, ओढ्यांवरचे उंच लोखंडी पूल, गावं, शाळेतून हात हलवणारी पोरं. उसाला या देखाव्याचं काही नव्हतं. पर्यटक मात्र नेमके त्यासाठीच पैसे देतो!

दुमजली डबे आणले: खाली खिडक्यांची थंडगार बैठक, वर चारी बाजूंनी मोकळा सज्जा. प्रवास साधारण तीन तासांचा. सुमारे १८ मैल रुळावरून आणि उरलेले १२ मैल बसनं, मिळून बेटाला पूर्ण फेरी. गाडीत गाणारी स्थानिक मंडळी असतात, पेय मिळतं, आणि निवेदक वाटेवरची माहिती सांगतो. उसाच्या काळात या गाडीनं टनावर पैसे मिळवले. आता ती माणशी तिकिटावर मिळवते.

धंद्याच्या भाषेत सांगायचं तर मालमत्ता तीच, ग्राहक वेगळा. तसंच बाकीचंही झालं. मळेवाल्यांच्या जुन्या वाड्यांची छोटी हॉटेलं झाली. शेजारच्या नेव्हिस बेटावर ऊस आधीच संपला होता. तिथे माँटपेलिए नावाच्या जुन्या मळ्यावर हॉटेल आहे आणि त्याच्या दगडी पवनचक्कीच्या आत जेवणाची मेजं मांडलेली आहेत. विंगफील्ड मळ्यावर घाण्याचे आणि रमच्या भट्टीचे अवशेष साफ करून लोकांना दाखवतात. भग्न भिंत ही पडीक जागा आहे की बघण्याची जागा, हे भिंतीवर नाही, सांगणाऱ्यावर अवलंबून असतं.

पण सांगणाऱ्यानं खरं सांगावं लागतं. मळ्याचा वाडा दाखवताना तिथे कोण राबलं, कसं राबलं, हेही सांगायला हवं. नुसता बगीचा आणि चहाचे कप दाखवले तर तो अर्धा इतिहास झाला. आणि जाणत्या ग्राहकाला अर्धी गोष्ट लगेच कळते. तुमच्या मालाची ‘स्टोरी’ लिहिताना हे लक्षात असू द्या.

नवा धंदा, जुनी सवय

इथपर्यंत ऐकून वाटेल, छान झालं, गोष्ट संपली. नाही संपली. या लेखाचं खरं कारण आता पुढे आहे.

बासटेरच्या समुद्रात भराव घालून क्रूझ जहाजांसाठी धक्का बांधला गेला. पोर्ट झांटे त्याचं नाव. मोठं जहाज सकाळी येतं, दोन-तीन हजार प्रवासी उतरतात, दिवसभर फिरतात आणि संध्याकाळी जहाज निघून जातं. २०१० नंतरच्या दशकाच्या अखेरीस वर्षाला येणाऱ्या क्रूझ प्रवाशांची संख्या दहा लाखांच्या घरात पोहोचली. पन्नास हजारांचा देश, आणि दहा लाख पाहुणे!

आकडा मोठा आहे. पण आपण उद्योजक आहोत, आपण डोकी मोजून थांबत नाही. आपण विचारतो की एका डोक्यामागे बेटावर उरतं किती?

क्रूझचा पाहुणा जहाजावर झोपतो, नाश्ता आणि रात्रीचं जेवण जहाजावरच करतो. बेटावरची सहलही बहुतेक वेळा जहाजावरच विकत घेतो, आणि त्या तिकिटातला मोठा वाटा जहाज कंपनी ठेवते. समजा पाहुण्यानं सहलीला १०० रुपये दिले आणि ४० जहाज कंपनीनं ठेवले. उरलेल्या ६० मधून बस, डिझेल, चालक, वाटाड्या, पाण्याची बाटली. बाटली आणि डिझेल दोन्ही बाहेरून आयात केलेलं. गावात नक्की किती राहिलं? हे आकडे मी समजावण्यापुरते घेतले आहेत, पण प्रश्न खराच आहे. याउलट जो पाहुणा चार रात्री गावात राहतो, मच्छीमाराकडून आलेला मासा खातो, टॅक्सी घेतो, बाटिकचं कापड नेतो, तो एकटा दहा क्रूझ पाहुण्यांना भारी पडू शकतो.

दुसरा प्रश्न: जहाज कुठल्या बेटावर थांबवायचं, हे कोण ठरवतं? मूठभर मोठ्या क्रूझ कंपन्या. शेजारी दहा बेटं आहेत, प्रत्येकाकडे किनारा आहे, प्रत्येकाकडे धक्का आहे. आठवतंय का हे चित्र? एक ग्राहक, आणि त्याच्या मर्जीवर ठरणारा धंदा. साखरेचा करार गेला आणि जहाजांचं वेळापत्रक आलं.

मार्च २०२० मध्ये कोरोना आला. जहाजं थांबली. आधी रोज हजारो माणसं उतरणारा धक्का एकदम रिकामा. टॅक्सीवाले, दुकानवाले, वाटाडे, माकडाबरोबर फोटो काढून देणारे, सगळ्यांचं उत्पन्न एकाच दिवशी बंद. त्या वर्षी देशाची अर्थव्यवस्था दहा टक्क्यांहून जास्त आकसली. जहाजं परतायला २०२१ चा उन्हाळा उजाडला.

वादळांचंही तसंच. ऑक्टोबर २००८ मध्ये ओमर वादळानं नेव्हिसवरच्या सर्वात मोठ्या हॉटेलचं नुकसान केलं आणि ते २०१० च्या डिसेंबरपर्यंत बंद राहिलं. लहान बेटावर एका हॉटेलचं दार बंद झालं की धोब्यापासून भाजीवाल्यापर्यंत सगळ्यांची विक्री थांबते.

देशाला आणखी एक उत्पन्न आहे: पैसे गुंतवणाऱ्याला नागरिकत्व देणं. ही योजना १९८४ पासून आहे. साखर बंद झाल्यावर २००६ मध्ये बदलासाठी एक निधी संस्था काढली आणि तिला देणगी देणाऱ्यालाही नागरिकत्व मिळू लागलं. त्यातून खूप पैसा आला, कर्ज उतरायला मदत झाली. पण तिथेही भाव दुसऱ्याच्या मर्जीवर आहे. त्या पासपोर्टवर इतर देश विनाव्हिसा येऊ देतात तोवरच त्याला किंमत. २०१४ मध्ये कॅनडानं या देशाच्या नागरिकांना पुन्हा व्हिसा सक्तीचा केला तेव्हा ते दिसलंच.

म्हणून या सगळ्या गोष्टीचं सार मी एका वाक्यात सांगतो, ते मोठ्या अक्षरात लिहून दुकानात लावा: धंदा बदलला तरी अवलंबून राहण्याची सवय बदलली नाही, तर संकट फक्त नाव बदलून येतं.

मी सेंट किट्सच्या लोकांना नावं ठेवत नाही. एवढ्याशा बेटाला सगळंच बाहेरून आणावं लागतं आणि सगळंच बाहेर विकावं लागतं. त्यांच्याकडे पर्याय थोडे होते, तरी ते उभे राहिले. आपल्याकडे पर्याय जास्त आहेत. मग आपण तरी हा धडा फुकटात का घेऊ नये?

तुमच्यासाठी चार धडे

१. भावाचं मूळ शोधा. तुम्हाला चांगला भाव कशामुळे मिळतो? गुणवत्ता, वेळेवर माल, ओळख, अनुदान की एखाद्या साहेबाची मर्जी? शेवटच्या तीन गोष्टी उद्या बदलू शकतात.

२. जुनं चालू असतानाच नवं पेरा. धंदा बंद पडल्यावर नवा शोधायला वेळ आणि भांडवल दोन्ही नसतं. पर्यटकांची गाडी २००३ मध्ये सुरू झाली, ऊस २००५ मध्ये थांबला. ही दोन वर्षं सोन्याची.

३. भंगारात काढण्याआधी ग्राहक बदलून पाहा. यंत्र, जागा, रेसिपी, ओळखी, हातातलं कसब. आजच्या ग्राहकाला त्याचा उपयोग नसेल, दुसऱ्याला असू शकतो.

४. गर्दी मोजू नका, उरलेले पैसे मोजा. आणि ती गर्दी कोण पाठवतं, हेही पाहा.

गृहपाठ (अर्धा तास)

पहिलं काम: गेल्या बारा महिन्यांची विक्री ग्राहकांनुसार लिहा. सर्वात मोठ्या ग्राहकाची रक्कम भागिले एकूण विक्री, गुणिले १००. समजा एकूण विक्री १२ लाख आणि त्यातले ७ लाख २० हजार एकाच कंपनीकडून. म्हणजे ६० टक्के. माझा ठोकताळा असा: ३० टक्क्यांपर्यंत ठीक, ५० च्या वर गेलं की धोक्याचा लाल दिवा. ऑनलाइन विकत असाल तर ते एक अ‍ॅप म्हणजेच तुमचा एक ग्राहक धरा. आत खरेदी करणारे हजार असतील, पण दार एकच आहे.

दुसरं काम: त्या सर्वात मोठ्या ग्राहकानं उद्या भाव ३६ टक्क्यांनी पाडला, तर महिन्याचा हिशोब कसा दिसेल ते मांडा. किती महिने तग धराल? तो आकडा वहीच्या पहिल्या पानावर लिहा.

तिसरं काम: तुमच्याकडे असलेल्या दहा गोष्टींची यादी करा. यंत्र, जागा, परवाना, गाडी, कसब, नावलौकिक, काहीही. प्रत्येकीपुढे लिहा: ‘आज हिचा ग्राहक कोण? दुसरा कोण असू शकतो?’ दहापैकी एक जरी रेल्वे सापडली तरी अर्ध्या तासाचं चीज झालं.

चौथं काम: मिळालेल्या प्रत्येक १०० रुपयांतले किती कमिशन, जाहिरात आणि बाहेरून घेतलेल्या मालात जातात आणि किती तुमच्याकडे राहतात, ते काढा. गल्ल्यातला आकडा बघून खूश होऊ नका.

यातलं पहिलं उत्तर ५० टक्क्यांच्या वर आलं तर घाबरून जाऊ नका आणि त्या ग्राहकाशी भांडणही काढू नका. त्याचं काम नीट करत राहा, त्यातूनच घर चालतं आहे. फक्त आठवड्यातले तीन तास दुसऱ्या ग्राहकासाठी राखून ठेवा. तीन तास, पण न चुकता. ब्रिमस्टोन हिल किल्ला काही एका उन्हाळ्यात उभा राहिला नाही, एकेक दगड परत बसवावा लागला.

तुमची टक्केवारी किती आली आणि दहापैकी तुमची ‘रेल्वे’ कोणती, ते व्हिडिओखाली जरूर लिहा. पुढच्या भागात आपण दुसरा ग्राहक शोधायला पहिला फोन कसा करायचा, काय बोलायचं आणि काय बोलायचं नाही, ते बघू. तोवर वही भरून ठेवा.

भेटूया!